एकोणतीस पूर्णांक सात सोळांश

माझ्या खोलीला दार नव्हतं. बसवनगुडीतला आमचा फ्लॅट बाबांनी घेतला तेव्हा बिल्डरच्या नकाशात या जागेला 'स्टडी' म्हटलं होतं. हॉल आणि स्वयंपाकघर यांच्या मधोमध तीन पूर्ण भिंती, आणि चौथीत एक माणूस जाईल एवढी मोकळी जागा. अभ्यास करणाऱ्याला दाराची गरज नसते असं बिल्डरचं मत असावं. मी शाळेत होते तोवर ते खरंही होतं. मी अभ्यास करतेय की नाही हे येता-जाता बघता येणं, हाच त्या खोलीचा मुख्य उपयोग होता.

मग मला नोकरी लागली. कंपनी बेळ्ळंदूरची, शहराच्या पार दुसऱ्या टोकाची. आठवड्यातले दोन दिवस ऑफिसात जायचं, तीन दिवस घरून काम. त्या दोन दिवसांत मी काम करत नाही, प्रवास करते. त्यामुळे खरं काम व्हायचं ते उरलेल्या तीन दिवसांत, दार नसलेल्या खोलीत, कानांवर हेडफोन चढवून. आमच्या अ‍ॅपमधल्या बटणांवर काय लिहायचं ते मी सुचवते. 'पुढे जा' लिहायचं की 'सुरू ठेवा', यावर नऊ माणसं पाऊण तास बोलतात. त्यातली आठ बोलतात. नववी मी.

मी कॉलवर बोलत नाही, याची दोन कारणं होती. पहिलं म्हणजे मी कुठेच फारशी बोलत नाही. दुसरं म्हणजे बाबा.

बाबा निवृत्त झाल्यापासून सकाळी हॉलमध्ये पेपर वाचत बसतात. वाचत असल्यासारखे बसतात म्हणायला हवं, कारण पान उलटल्याचा आवाज माझा कॉल संपल्यावरच यायचा. हेडफोनमुळे त्यांना समोरच्यांचं काही ऐकू यायचं नाही. फक्त माझं यायचं.

"आज अकरा वेळा 'शुअर' म्हणालीस," ते सांगायचे. "आणि चार वेळा 'नो, नो, दॅट्स फाइन'. काय एवढं फाइन होतं?"

आई चहा घेऊन यायची आणि माझ्या खांद्यावरून स्क्रीनमध्ये वाकून बघायची. "हा कोपऱ्यातला जेवलेला दिसत नाही," किंवा, "ही मुलगी मागच्या बुधवारी पण हाच टॉप घालून होती." ती हे हळू आवाजात म्हणायची. आईच्या हळू आवाजाला भांड्यांच्या आवाजावर मात करायची सवय आहे.

दार हवंय हे सांगायला मला चार महिने लागले. शेवटी एका रविवारी आई फरसबी चिरत असताना सांगितलं.

"दार? कशाला? कोण येतंय तिथे?"

तुम्ही, असं मी म्हणाले नाही. "आवाज येतो," म्हणाले.

"मग आम्ही हळू बोलतो की."

दुसऱ्या दिवशी दोघं कुजबुजत होती. कॉलवर मॅनेजरनं मला विचारलं, घरी कोणी आजारी आहे का.

बाबांनी मात्र दाराची कल्पना फारच लवकर उचलून धरली, आणि तिथेच मी घाबरायला हवं होतं. त्यांनी सगळी नोकरी सरकारी कारखान्यात, संशोधन विभागात केली. तिथे त्यांनी काय बनवलं हे आम्हाला अजून माहीत नाही, ते गोपनीय होतं. कसं बनवलं ते मात्र पक्कं माहीत आहे, कारण घरातही सगळं तसंच बनतं. आधी टिपण, मग आराखडा, मग आराखड्यावर चर्चा, मग सुधारित आराखडा. गीझर बदलला तेव्हाचं टिपण दोन पानांचं होतं. त्यातलं एक पान जुन्या गीझरच्या सेवेबद्दल कृतज्ञता व्यक्त करणारं होतं.

नवीन दार घेणं त्यांना मान्य नव्हतं. त्यांच्या जुन्या कॉलनीतल्या करमणूक मंडळाची दुरुस्ती निघाली होती आणि कॅरमच्या खोलीचं सागवानी दार काढून तिथे अ‍ॅल्युमिनियमचं बसवणार होते. बाबांनी रीतसर अर्ज केला, दोनदा स्मरणपत्र पाठवलं आणि एके दिवशी ते दार टेम्पोतून आमच्या घरी आलं. सरकारी हिरव्या रंगाचे तीन थर, मधोमध खिळ्याची दोन भोकं. लाकूड उत्तम, पण दार अरुंद होतं. कॅरम खेळणारी माणसं बहुधा तिरकी होऊन आत जात असावीत.

"दोन्ही कडांना पट्ट्या जोडू," बाबा म्हणाले. "रुंदी वाढेल. मग त्या रुंदीची चौकट."

त्यासाठी सुतार हवा होता. आमच्या भागात एक वयस्कर सुतार आहेत, त्यांना सगळे अण्णाच म्हणतात. त्यांचं घराणं कित्येक पिढ्यांपूर्वी इकडे कानडी मुलखात आलं. मराठी बोलतात, पण आमच्यासारखी नाही. त्यांच्या मराठीत कानडी इतकं मुरलंय की कुठलं कुठे संपतं ते त्यांनाही सांगता येणार नाही. आमच्या बिल्डिंगमध्ये कोणाला सुतार हवा असला की बाबांना विचारतात, आणि बाबा अण्णांचं नाव सांगतात. अण्णांची या भागातली निम्मी कामं अशी येत असावीत.

मोजमाप ठरलं तो दिवस मंगळवार होता आणि माझा कॉल चालू होता. बाबांनी आधीच एक तक्ता छापून ठेवला होता. वरती इंग्रजीत ठळक सूचना: सर्व मापे इंचात, अपूर्णांक सोळांशात. खाली दोन रकाने. एकात पूर्ण इंच लिहायचे, दुसऱ्यात फक्त सोळांशांचा आकडा. खाली छेद लिहायला जागा नव्हती, कारण छेद एकच असणार होता आणि तो वर सांगून टाकलेला होता. उगाच तीन वेळा सोळा लिहिण्यात शाई जाते, असं बाबांचं म्हणणं.

घरात सगळी मापं इंचातच का, असं मी एकदा विचारलं होतं, कारण त्यांची नोकरी मिलिमीटरमध्ये गेली. "सुतार इंचात बोलतो," ते म्हणाले. "आपण त्याच्या भाषेत बोलायचं. फक्त जास्त अचूक."

त्या दिवशी दार भिंतीला टेकवून बाबांनी दोन्ही हातांनी धरलं होतं, त्यामुळे मोजायचं काम आईकडे आलं. आईनं शिवणाच्या डब्यातली टेप आणली. तिच्या टेपवर पाव इंचाच्या खालचे भाग पुसले गेलेत, आणि तिचं त्यावाचून कधी अडलं नाही.

"पावणेसत्तावीस," आई म्हणाली.

मी हेडफोनमधून एक कान बाहेर काढला. माझी शाळा इंग्रजी माध्यमाची. पावणेसत्तावीस म्हणजे सव्वीस आणि तीन चतुर्थांश, इथपर्यंत पोचायला मला दरवेळी मनात एक जिना उतरावा लागतो. बाबांना लागत नाही. "सव्वीस, बारा," ते म्हणाले, आणि एका हातानं दार सांभाळत दुसऱ्यानं तक्त्यात लिहिलं. तीन चतुर्थांशाचे बारा सोळांश. एकदम बरोबर.

"बिजागरीकडची पट्टी?"

ती पट्टी अण्णांनी स्वतःच्या दुकानातून तयार करून आणली होती. त्यांनी खिशातली घडीची फूटपट्टी उघडून तिला लावली. "एक इंच तीन सूत, सर."

"एक, तीन," बाबा म्हणाले, आणि लिहिलं.

"आणि ही दुसऱ्या बाजूची माझ्याकडची." बाबांच्या लाकडांच्या साठ्यातली एक सागाची पट्टी होती. ती त्यांनी स्टीलच्या पट्टीनं स्वतः मोजली, चष्मा कपाळावर सारून. "एक, पाच."

"फटीचं काय?" आईनं विचारलं. ती शिवणारी बाई आहे, तिला शिलाईत जाणारं कापड आधी सुचतं.

"फट मी शेवटी रंध्यानं काढतो, अक्का. एक हात मारला की झालं. तुम्ही फक्त दाराचं माप द्या, चौकट बरोबर त्याच मापाची करतो."

बाबांनी बेरीज केली. सव्वीस, एक आणि एक अठ्ठावीस. बारा, तीन आणि पाच वीस. वीस सोळांश म्हणजे एक इंच आणि चार सोळांश. "एकूण सव्वाएकोणतीस. बघा, किती स्वच्छ आकडा आला."

स्वच्छ आकडा आला की बाबांना ते उत्तर बरोबर असल्याचा पुरावा वाटतो.

तक्ता माझ्याकडे आला, कारण त्याची 'फेअर कॉपी' टाइप करायची होती. मी कॉल म्यूट केला आणि टाइप करायला लागले. दुसऱ्या ओळीवर थांबले. सुतारांचं सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग, हे मला ठाऊक होतं. बाबांनीच कधीतरी सांगितलं होतं. तीन सूत म्हणजे तीन अष्टमांश, म्हणजे सहा सोळांश. त्या रकान्यात सहा हवे होते. तिथे तीन होते.

शाळेत ही बेरीज आम्हाला फार गंभीरपणे शिकवली होती. छेद वेगळे असतील तर आधी ते सारखे करा, मगच अंशांना हात लावा. मी पूर्णांकयुक्त अपूर्णांकांची अख्खी पानं बरोबर सोडवून वही मिटून बसायचे. फळ्यावर कोणी वरचे वर आणि खालचे खाली मिळवून टाकले तरी हात वर करायचे नाही. कोणीतरी करायचंच.

"बाबा, हे तीन..." मी म्हणाले.

"तीन सूत. बरोबर आहे," बाबा दार खाली ठेवत म्हणाले.

इतकं बोलणं झालं. नंतर मी स्वतःला समजावलं. बाबांनी आयुष्यभर मोजमाप केलंय. त्यांनी कुठेतरी हिशेबात धरलं असेल. अण्णांना तर कळेलच. मी तीन टाइप केलं, छापलं आणि अण्णांना दिलं. हेडफोनमध्ये माझं नाव ऐकू आलं, मला काही सांगायचंय का असं विचारत होते. "नो, नो, दॅट्स फाइन," मी म्हणाले.

दहा दिवसांनी चौकट भिंतीत बसली, सिमेंट वाळलं, दाराला पट्ट्या लागल्या, त्यांवरही दारासारखाच हिरवा रंग चढला, बिजागऱ्या लागल्या, दार टांगलं गेलं. अण्णांनी ते हलकेच ढकललं. दार चौकटीपर्यंत आलं आणि कडेवर थडकून थांबलं.

"दीड सूत अडतंय," अण्णा म्हणाले. त्यांनी नुसतं बोट लावून सांगितलं. "रंधा मारतो सर. दहा मिनिटं."

"थांबा," बाबा म्हणाले. "आधी कारण."

"कारण काय, दार स्वल्प मोठं आहे."

"ते दिसतंय. का मोठं आहे? कारण न शोधता दुरुस्ती केली तर पुरावा नष्ट होतो."

अण्णांनी रंध्याकडे पाहिलं, मग आईकडे. आईनं खांदे उडवले. तिला बाबांच्या चौकशांचा अनुभव आहे. मिक्सर जळाला होता तेव्हा आम्ही दोन महिने पाट्यावर चटणी वाटत होतो.

पुढचे सहा आठवडे ते दार उघडं राहिलं. उघडं म्हणजे हॉलमध्ये आडवं आलेलं, कारण ते बाहेर उघडत होतं. स्वयंपाकघरात जाणारा प्रत्येक माणूस त्याला वळसा घालायचा आणि वळसा घालताना माझ्याकडे बघायचा. पूर्वी लोक माझ्या खोलीवरून नुसते जायचे, आता थबकून जायला लागले. आईला उघड्या दाराची वरची कड कपडे वाळत घालायला सोयीची वाटली. माझ्या कॅमेऱ्यात मागे डावीकडे तिचा परकर दिसायचा. टीममधल्या एकीनं मला विचारलं की ते 'टेक्स्टाइल आर्ट' कुठून घेतलं.

बाबांची चौकशी मात्र नेमानं चालू होती. पहिल्या आठवड्यात त्यांनी लाकूड फुगल्याची शक्यता तपासली. दुसऱ्यात भिंत सरळ आहे का ते बघायला ओळंबा लावला. तिसऱ्यात त्यांनी पूर्ण दार स्वतः मोजलं. ते एकोणतीस इंच आणि सात सोळांश भरलं. मग एकेक भाग मोजला. मूळ दार बरोबर, त्यांची पट्टी बरोबर. बिजागरीकडची पट्टी मात्र एक इंच आणि सहा सोळांश.

"कागदावर एक-तीन आहे," ते जेवताना म्हणाले. "प्रत्यक्षात एक-सहा आणली. पट्टी तीन सोळांशांनी जाड. सापडलं."

मी वरण ढवळत राहिले.

या काळात अण्णा चार वेळा येऊन गेले. दरवेळी रंधा घेऊन आले आणि रंधा तसाच घेऊन गेले. बाबा आणि त्यांचं संभाषण मी दार नसलेल्या, म्हणजे दार असलेल्या पण न लागणाऱ्या खोलीतून ऐकायचे.

"तुम्ही किती म्हणालात?"

"एक-तीन, सर."

"मी काय लिहिलं?"

"एक-तीन."

"मग पट्टी का जाड?"

"जाड कुठे आहे? एक-तीनच आहे की."

"मोजा."

अण्णा मोजायचे. "एक-तीन."

बाबा मोजायचे. "एक-सहा."

दोघंही सज्जन असल्यामुळे दुसऱ्याची पट्टी हातात घेऊन बघत नव्हते.

सहाव्या आठवड्यात शनिवारी 'संयुक्त मोजणी' ठरली. बाबांनी एक पानाचा अहवाल आधीच लिहून ठेवला होता. निष्कर्ष: बिजागरीकडील पट्टी मान्य मापापेक्षा जाड पुरवण्यात आली. खाली तीन सह्यांची जागा होती. एक बाबांची, एक सुतारांची, एक साक्षीदाराची. साक्षीदार म्हणून माझं नाव टाइप केलेलं होतं. शनिवार असल्यामुळे मला कॉलचं निमित्तही नव्हतं.

बाबांनी अण्णांना अहवाल मराठीत समजावून सांगितला. तावातावानं नाही, अगदी शांतपणे, चहा देऊन. त्यामुळे ते जास्त वाईट वाटत होतं.

"म्हणजे चूक माझी," अण्णा म्हणाले.

"दोष द्यायचा नाहीये. फक्त नोंद."

"सरी, सर. लिहा. सुम्ने, उगाच कशाला वाद. मला मल्लेश्वरमला एक काम बघायला जायचंय." त्यांनी पेन घेतलं आणि सही केली. मग कप ठेवायला स्वयंपाकघराच्या दाराशी गेले आणि आईला म्हणाले, "अक्का, माझ्या हातून पट्टी कधी जाड-बारीक झाली नाही. वय झालं असेल."

हे ते बाबांना ऐकू जाऊ नये म्हणून म्हणाले होते. माझी खोली मधोमध असल्यामुळे मला ऐकू आलं. त्या घरात मला ऐकू येत नाही असं काहीच नव्हतं. याच माणसाचं नाव बाबा उद्यापासून बिल्डिंगमध्ये सांगणार नाहीत, हेही मला कळत होतं. आणि त्यांनी सही केलेल्या कागदावर आता माझी सही हवी होती.

बाबांनी पेन माझ्यापुढे धरलं. "इथे."

"मी नाही करत," मी म्हणाले.

"का? तू मोजमापाच्या वेळी हजर होतीस."

"म्हणूनच."

आई स्वयंपाकघरातून बाहेर आली. अण्णा तिच्यामागे. मला माझा आवाज नेहमीसारखा बारीक ऐकू येत होता, पण येत होता. अण्णांच्या कानावरची पेन्सिल मी मागून घेतली. अहवालावर लिहायचं धाडस झालं नाही, म्हणून दाराच्या हिरव्या रंगावरच लिहायला लागले.

"आईचे तीन चतुर्थांश. त्याचे तुम्ही बारा केलेत. बरोबर. तुमचे पाच, ते सोळांशच होते. तेही बरोबर. अण्णांचे तीन सूत. तीन अष्टमांश, बाबा. तुम्ही तीन तसेच लिहिलेत. सहा करायला हवे होते."

मी पुढे लिहीत गेले, कारण थांबले असते तर पुन्हा सुरू करता आलं नसतं. "बारा, सहा, पाच. तेवीस. तेवीस सोळांश म्हणजे एक आणि सात सोळांश. अठ्ठावीस आणि हे. एकोणतीस पूर्णांक सात सोळांश. दार तेवढंच आहे. पट्टी बरोबर आहे. चौकट आपण लहान सांगितली."

बाबांनी चष्मा कपाळावरून डोळ्यांवर आणला. दाराजवळ येऊन त्यांनी तोंडातल्या तोंडात पुन्हा बेरीज केली. मग अण्णांच्या हातातली घडीची फूटपट्टी घेतली आणि तिच्यावरच्या रेघा मोजल्या. आठ. पुन्हा मोजल्या. आठच.

"म्हणजे मी मोजलेलं बरोबर होतं," आई म्हणाली. "पुसलेल्या टेपनं."

अण्णा हसले. बाबा हसले नाहीत. माझ्याकडे वळून त्यांनी मला नको असलेला प्रश्न विचारला.

"हे तू टाइप केलंस. तेव्हा दिसलं नाही?"

"दिसलं होतं."

"मग?"

"बोलले नाही."

"सहा आठवडे?"

"सहा आठवडे."

त्यांचा चेहरा मी आधी कधी न पाहिलेला होता. रागाचा म्हणता आला नसता. कॅरमच्या खोलीचं दार दोन स्मरणपत्रं पाठवून मिळवणारा माणूस, आणि घरातली माहिती त्याला सहा आठवडे मिळाली नव्हती. मला वाटलं आता काहीतरी म्हणतील. पण अण्णाच मध्ये पडले.

"तंगी," ते मला म्हणाले. धाकट्या बहिणीला ते तसंच म्हणतात. "तू हे स्वल्प आधी बोलली असतीस तर माझ्या चार चकरा वाचल्या असत्या."

त्यांचं खरं होतं. मी आतापर्यंत स्वतःला या गोष्टीतली बिचारी समजत आले होते. दार नसलेली, ऐकलं न जाणारी. पण खोट्या निष्कर्षावर एका म्हाताऱ्या माणसाची सही झाली होती ती बाबांच्या तक्त्यामुळे जितकी, तितकीच माझ्या 'दॅट्स फाइन'मुळे. "सॉरी, अण्णा," मी म्हणाले. ते इंग्रजीतच आलं.

बाबांनी अहवाल उचलला, निष्कर्षाच्या ओळीवर आडवी रेघ मारली आणि वरती सुंदर अक्षरात लिहिलं: तक्त्याच्या नमुन्यात छेदासाठी रकाना नव्हता. त्रुटी नमुन्याची. मग थोडा विचार करून त्याखाली लिहिलं: नमुना मी तयार केला. अण्णांच्या सहीवरही त्यांनी रेघ मारली आणि त्या रेघेवर स्वतःची छोटी सही केली. सरकारी माणसाकडून याहून मोठी माफी मी पाहिलेली नाही.

"रंधा मारा," ते म्हणाले.

अण्णा दहा मिनिटं म्हणाले होते, आठ लागली. हिरव्या रंगाची पहिली पापुद्र्यासारखी गुंडाळी निघाली, मग खालचं पिवळसर लाकूड. माझ्या बेरजेचं कडेपर्यंत गेलेलं टोकही त्यात गेलं. आईनं परकर आधीच काढून घेतला होता. अण्णांनी दार ढकललं, ते चौकटीत गेलं आणि थांबलं ते बरोबर जिथे थांबायला हवं तिथे. त्यांनी कडी लावून बघितली, काढली, आणि मल्लेश्वरमला निघून गेले. जाताना बाबा त्यांना तिसऱ्या मजल्यावरच्या कोणाच्या तरी कपाटाबद्दल सांगत होते.

संध्याकाळी मी खोलीत गेले आणि दार लावलं.

मला वाटलं होतं तितकी शांतता नव्हती. कुकरची शिट्टी दोन इंच जाड सागातूनही ऐकू येते. पण बाबा आणि आई हॉलमध्ये काय बोलतायत ते कळत नव्हतं, आणि मी काय करतेय हे त्यांनाही कळत नसणार. मी खुर्चीवर बसले. लॅपटॉप बंद होता. सोमवारी कॉलवर पुन्हा एका बटणावर चर्चा होती, आणि न बोलण्याची माझी दोन कारणं होती त्यातलं एक आता संपलं होतं. हे मला दार मागताना सुचलं नव्हतं.

तेवढ्यात दारावर टकटक झाली. दोनदा, मोजून.

मी सव्वीस वर्षांची आहे. या घरात कोणी माझ्यासाठी टकटक केल्याची ही पहिली वेळ होती.

"आत येऊ का?" बाबांचा आवाज. "नमुना सुधारलाय. छेदाचा रकाना घातलाय. एकदा बघून दे."

दाराखालच्या फटीतून त्यांची सावली दिसत होती, हातातल्या कागदाच्या सावलीसकट. मला कॉल नव्हता. काहीच काम नव्हतं.

"दोन मिनिटं, बाबा," मी म्हणाले.

"बरं," ते म्हणाले, आणि बाहेर उभे राहिले.